बेंबळ्याच्या झाकणवाल्या

विशे, तू गेलीस त्या दुपारी तुझ्या घरात घोटभरही पाणी नव्हतं. यवतमाळहून एसटीने बाभुळगाव, तिथून ऑटोने आपलं गाव, असं करत मी पोचले तेव्हा घसा कोरडा पडला होता. तुला बैठकीत निजवलं होतं, अंगावर पांढरी चादर होती. मी तुझ्याजवळ बसले, तुझा हात हातात घेतला, तो गार लागला, आणि मला एकदम तहान लागली. लाज वाटावी अशी तहान. उठून आत गेले तर माठ पालथा. पिंप रिकामं. न्हाणीतली बादलीसुद्धा उपडी घातलेली.

"थांबा ताई, मी माह्या घरून आनतो पानी," मागून माझी वहिनी म्हणाली. "इथचं सारं ओतून टाकलं मी. मानूस गेल्यावर घरातलं पानी ठेवत नाही ना."

वहिनी, माझ्या भावाची बायको, भिंतीला भिंत लागून तुझी शेजारीण. आमच्या घरात कुणी गेलं की आधी भरलेली सगळी भांडी रिकामी होतात, मग बाकीचं. तुमच्याकडे असलं काही नाही. तुझ्या वडिलांनी दीक्षा घेतली तेव्हाच असलं सगळं मागे टाकलं होतं, आणि तू तर त्यांच्याही वरताण. पण त्या दिवशी गावातली सगळी माणसं कापूस वेचायला गेलेली. तुझी वस्तीतली माणसं शेतातून येईपर्यंत घरात वहिनी एकटीच होती. तुला परसात पडलेली पाहून तीच धावली. तिनेच तुला उचलून आत घेतलं, डोळे मिटले, पदर सारखा केला, तुझ्या पोराला, सिद्धार्थला, फोन लावला. आणि मग, काही सुचेनासं झाल्यावर, हातांना जे ठाऊक होतं ते करत सुटली. माठ, पिंप, बादली.

आणि परसातलं टाकं.

मी तांब्या हातात घेऊन मागच्या दाराशी गेले आणि तिथेच उभी राहिले. टाक्याच्या बुडाचा चिंध्यांचा बोळा काढलेला होता. गाळ घमेल्याने उपसून अळवात टाकला होता, आतल्या भिंती खराट्याने घासून लख्ख केल्या होत्या. इतकं स्वच्छ टाकं तुझ्या हयातीत मी कधी पाहिलं नव्हतं.

"वहिनी, यातल्या गोगलगायी?"

"त्या गाळातल्या? गाळ अळवात टाकला ना. वास येऊन राह्यला होता."

तेव्हा मी मोठ्याने रडले. बायकांनी मला धरलं, पाणी पाजलं, त्यांना वाटलं तुझ्यासाठी रडते आहे. तुझ्यासाठी तर मी नंतर रडले, घरी, मेथी निवडताना.

झाकणवाल्या हे नाव आपलंच, आठवतं ना? गावात सगळे घोंगे म्हणायचे. बेंबळा नदीच्या पात्रात दगडाखाली चिकटून बसणारी, बोराएवढी, हिरवट तपकिरी गोगलगाय. कुंपणावर पावसाळ्यात दिसते ती वेगळी, तिला दार नसतं. हिला हात लावला की ही आत शिरायची आणि पाठोपाठ एक पातळ झाकण ओढून घ्यायची. आपण दोघी पाण्यात बसून त्या झाकणांवर नखाने टकटक करायचो. "बाई, घरात हाय का?" असं तू विचारायचीस, आणि मी बारीक आवाज काढून "नाही हाय, बजारात गेली" असं उत्तर द्यायचे.

तुझी माय नदीच्या डोहावरून त्या ओटीत घालून आणायची. रात्रभर पाण्यात ठेवायची, म्हणजे पोटातली माती टाकतात. मग उकडायची, बाभळीच्या काट्याने एकेक बाहेर ओढायची आणि कांदा, तिखट घालून परतायची. आमच्या घरी तुमच्याकडचं पाणी चालायचं नाही, आणि मी तुमच्या चुलीपुढे मांडी घालून दोन दोनदा वाढून घ्यायचे. निघताना तुझी माय माझ्या हातावर कोथिंबिरीच्या काड्या ठेवायची, चावत जा म्हणायची, म्हणजे आईला वास येणार नाही. ती हे अगदी सहज करायची. त्या काड्यांचा अर्थ मला फार उशिरा कळला, आणि कळल्यावर तुझ्या मायकडे वर मान करून बघवलं नाही.

मग एका दुपारी माझ्या दाताखाली कचकच आली. रेती समजून मी थुंकले. तू ते बोटावर घेऊन डोळ्याजवळ धरलंस. ती रेती नव्हती. मोहरीएवढे शंख होते, गोल वेटोळ्याचे, झाकणासकट.

"पिल्लं हाय ते," तुझी माय म्हणाली. "याईले अंडे नाही होत. पोटातूनच होतात लेकरं, आपल्यासारखे."

मी उठले, बाहेर जाऊन ओकले, आणि पुन्हा कधी खाल्लं नाही. तू मात्र खात राहिलीस. पण त्या दिवसापासून तू निवडायला लागलीस. घमेल्यात पाणी घेऊन त्यांच्यापुढे गुडघे पोटाशी धरून बसायचीस, शिंगं बाहेर येईपर्यंत. ज्याचं एक शिंग आखूड, जाड आणि वाकडं, तो बाप्या. तो शिजायला. दोन्ही शिंगं सारखी, ती बाई. ती परत नदीत. हे तुला कुणी सांगितलं कोण जाणे, बघून बघून कळलं म्हणायचीस. तुझी माय चुलीपाशी ओरडायची, "सैपाक कव्हा होईन मंग?" आणि तू तिकडे लक्ष न देता त्यांच्या शिंगांची वाट बघत बसायचीस. माझ्या लग्नात हार घालून झाल्यावर तू माझ्या कानाशी लागून विचारलंस, "शिंग तपासलं का वं?" मी भर मांडवात खो खो हसले आणि सासरच्यांच्या मनातून पहिल्याच दिवशी उतरले. पुढे ती कसर कधी भरून निघाली नाही, पण मला त्याचं दुःख नाही.

मी यवतमाळला गेले, कॉलेजच्या ग्रंथालयात लागले. तुझं लग्न गावातच झालं, तू आपल्याच गावच्या शाळेत मास्तरीण झालीस. मग बेंबळ्यावर रेती उपसायचे घाट सुरू झाले. आधी बैलबंड्या, मग ट्रॅक्टर, मग ती पिवळी मशीन. रस्त्याकडेला रेतीचे ढीग पडायचे आणि शाळा सुटली की तू त्या ढिगांवर वाकलेली दिसायचीस. ओल्या रेतीत दार लावून बसलेल्या झाकणवाल्या वेचायचीस. लोक विचारायचे, "मास्तरीणबाई, सोनं शोधून राह्यल्या काय?" तू म्हणायचीस, "हो, तुमाले दिसलं त सांगा." सासऱ्यांच्या म्हशीचं ते जुनं टाकं रिकामंच पडलं होतं. त्यात तू नदीचा गाळ आणून टाकलास, चार दगड टाकलेस, वर पळसाच्या फांद्यांची सावली केलीस. नवरा गेला, सिद्धार्थ पुण्याला नोकरीला लागला, तू रिटायर झालीस, आणि टाकं राहिलं.

आणि तिथून आपलं भांडण सुरू झालं. दर रविवारी, सकाळचा चहा झाला की फोन. कधी तू करायचीस, बहुतेकदा मीच. सुरुवातीला गुडघे, शुगर, पोरं, सुना. ते संपलं की मी विषय काढायचे.

"विशे, टाकं म्हणजे नदी नाही."

"अन् नदी म्हंजे तरी काय राह्यली? खड्डे."

"पावसाळ्यात वाहते ना ती."

"वाहते ना. गढूळ वाहते, अन् मंग आटते. याईले त्या खड्ड्यात नेऊन टाकू काय मी?"

"तू त्यांना कोंडून ठेवलंस. जे नदीचं आहे ते नदीतच पाहिजे. जगलं तर जगलं, मेलं तर मेलं."

"मेलं तर मेलं म्हनाले तुह्यं काय जाते?"

एकदा तू फारच चिडलीस. म्हणालीस, "अन् तू कुठी राह्यतं? नळाच्या पान्यावर ना? गाव सोडून गेलेल्या बाईले नदीची एवढी काऊन पडली?" फोन चालू होता, तुझ्याकडचा पंखा ऐकू येत होता. मग तू म्हणालीस, "ठेवतो मंग," आणि ठेवलास. तो आठवडा मी मनातल्या मनात तुला उत्तरं देत काढला. भांडी घासताना उत्तरं, बाजारात उत्तरं. पुढच्या रविवारी फोन लावला तर तू जसं काही घडलंच नाही अशा आवाजात विचारलंस, "हं, बोल. टाकं म्हंजे नदी नाही. मंग?"

शेवटच्या रविवारी आपण त्यावर फार वेळ घालवला नाही. मी विचारलं, किती झाल्या आता? तू म्हणालीस, "टाकं गच्च हाय. पाय ठेवाले जागा नाही." मी म्हटलं, मग सोड ना थोड्या तरी. तू म्हणालीस, "नाही सोडत ज्जा." मग तू तुरीच्या शेंगा आल्याचं सांगितलंस, खायला ये म्हणालीस. मी बघते म्हणाले. बघते! माझं तुझ्या घरी यायचं म्हणजे दर वेळी बघते.

तुला ती जिन्याची भिंत आठवते का, माझ्या घरातली? आम्ही घर बांधलं तेव्हा रेती कुठून आली हे मला ठाऊक नव्हतं. ट्रक आला, गवंड्याने चाळली, कामाला लागली. घरभरणीच्या जेवणाला तू आलीस. बायका साड्या, फरशी, स्वयंपाकघराचा ओटा बघत होत्या आणि तू जिन्याच्या अर्धवट गिलाव्याच्या भिंतीपाशी थांबलीस. "सुमे, हे पाह्य." मी पाहिलं. गिलाव्यातून एक शंख अर्धा बाहेर आला होता. तोंड आपल्याकडे, झाकण नाही. तू त्यावर बोट ठेवलंस, मग जेवलीस, जाताना पुन्हा बोट ठेवून गेलीस. नंतर जेव्हा जेव्हा आलीस तेव्हा जिना चढताना तुझं बोट तिथे जायचं. आम्ही रंग दिला, मग पुन्हा दिला, तरी शंखाच्या तोंडाची ती खळी बुजली नाही.

आता माझं बोट जातं. मी ठरवून करत नाही. वर कपडे वाळत घालायला चढले की बोट त्या खळीत जातं, जरासं आत शिरतं आणि थांबतं. आणि दर वेळी मला असं वाटतं, की अगदी त्याच क्षणी आतून कुणीतरी दार ओढून घेतलं. मी थोडा वेळ उभी राहते. "बाई, घरात हाय का?" असं ओठांवर येतं आणि मी ते गिळते, कारण उत्तर आलं तर काय करू? मग कपड्यांची बादली उचलते आणि वर जाते.

तुला पोचवून आल्यावर मी आणि सिद्धार्थ अळवात उकिडवे बसलो. तो रात्रभर प्रवास करून आलेला, डोळे सुजलेले, पांढऱ्या सदऱ्याला चिखल लागतोय याचं त्याला भान नव्हतं. आम्ही गाळाची ढेकळं हातात घेऊन फोडत होतो. मिळायला लागल्या. दार घट्ट लावलेल्या, वरून मेलेल्या वाटाव्यात अशा. टाक्यात पाणी भरलं, गाळ परत घातला, त्या तळाशी ठेवल्या. उन्हं उतरायला लागली तेव्हा एकीचं झाकण जरासं हललं, मग एक शिंग, मग दुसरं. सिद्धार्थ टाक्यावर डोकं टेकून रडला. मी त्याच्या पाठीवर हात फिरवत राहिले आणि माझे डोळे टाक्याच्या तळाशी होते, कारण मला हिशेब लागत नव्हता.

ओंजळभर. सगळं अळू पालथं घातल्यावर ओंजळभर. तू म्हणाली होतीस गच्च. पाय ठेवायला जागा नाही म्हणाली होतीस.

मग मी वहिनीला धारेवर धरलं. गाळ आणखी कुठे टाकला, कोंबड्या मोकळ्या होत्या का, किती वेळ होत्या, कुणी तुडवलं का. ती म्हणाली, "ताई, मले काय मालूम वो. मी त चांगल्यासाठी केलं." मी म्हटलं, "तुम्ही तिचं सगळं धुऊन काढलंत." ती भिंतीला टेकली. पुण्यानुमोदनाच्या दिवशी तुमच्या लोकांनी वंदना घेतली, तुझ्याविषयी बोलले, शाळेतल्या जुन्या पोरी रडल्या. वहिनी सकाळपासून तुझ्या चुलीपाशी राबत होती. तिने माझ्यापुढे ताकाचा पेला धरला तर मी मान फिरवली. तिचा हात तसाच राहिला. तुला हे आवडलं नसतं, मला ठाऊक आहे. तू मला चारचौघांत झापलं असतंस.

नंतरचे रविवार वाईट गेले. चहा व्हायचा आणि हात फोनकडे जायचा. आणि अशाच एका रविवारी, मी कप विसळत असताना, फोन वाजला आणि पडद्यावर नाव आलं, विशी. माझ्या हातातून कप सुटला. मी फोनकडे बघत उभी राहिले. तो वाजत होता, वाजत होता, मला घेववेना आणि बंदही करवेना. शेवटी कानाला लावला.

"मावशी, घाबरू नका, मी आहे, सिद्धार्थ. तुमचा नंबर आईच्याच फोनमध्ये होता."

मी हूं म्हटलं.

त्याला पुण्याला परतायचं होतं. घर भाड्याने द्यायचं ठरलं होतं. भाडेकरूला परसात बाथरूम पाहिजे, म्हणजे टाकं फुटणार. "आईच्या त्या गोगलगायींचं काय करू? मी पुण्याला नेऊ का? बाल्कनीत टब ठेवता येईल. पण तुम्ही दोघी याच्यावरच बोलायच्या ना कायम. तुम्ही सांगाल तसं."

मी जिंकले होते, विशे. इतकी वर्षं मला एवढंच म्हणायचं होतं, नदीत सोड. आणि आता नको म्हणायला कुणी नव्हतं. मी सिद्धार्थला म्हटलं, मी येते, मी सोडते. फोन ठेवला आणि मला मुळीच बरं वाटलं नाही.

परवा गेले. वहिनीच्या दारावरून खाली मान घालून गेले. सिद्धार्थने तुझी ती रंगाची बादली काढून दिली, झाकणवाली. टाक्यातून एकेक काढायला लागलो तर आतल्या भिंतीवर काळे ठिपके दिसले. मी चष्मा लावला. पिल्लं होती. त्यांच्या आया अळवाच्या चिखलात दार लावून पडल्या होत्या तेव्हा ती पोटात होती, आणि पाणी मिळाल्यावर जन्मली. तू गेल्यानंतर जन्मलेली. मी त्यांना कोंबडीच्या पिसाने अलगद सोडवलं आणि बादलीत घेतलं. सिद्धार्थ येतो म्हणाला, मी नको म्हटलं. हे आपल्या दोघींचं होतं.

डोह आता नावालाच डोह. तुझी माय जिथे गुडघाभर पाण्यात उभी राहायची तिथे मशीनने उभे कडे पाडलेत. खाली हिरवं पाणी, त्यात एक चप्पल तरंगत होती. दगड नाही, रेती नाही, चिकटायला काही नाही. मी काठावर बसले, बादलीचं झाकण काढलं, परत लावलं. पुन्हा काढलं. मग मी मोठ्याने बोलायला लागले, एकटीच. "आता बोल ना. आता का गप्प? सांग, टाकू का यात?" आणि मागून कुणीतरी म्हणालं, सुमे.

मी वळून पाहिलं. तुरीचं शेत होतं. शेंगा वाळत आल्या होत्या आणि वाऱ्याने वाजत होत्या. दुसरं कुणी नव्हतं. पण मी ऐकलं होतं, आणि तुझाच आवाज होता, तो थोडा चिडका, "सुमे, काय करून राह्यली तू?" म्हणतानाचा. त्या खड्ड्यात त्यांना टाकणं माझ्याच्याने होईना. तू बरोबर होतीस आणि मी इतकी वर्षं न बघता बोलत होते, असं मनात आलं, आणि मी बादली उचलून निघाले. त्यांना यवतमाळला नेऊन गच्चीवर टाकं बांधायचं, दुसरं काय.

रस्त्याला लागायला नदीकाठाने रपट्यापर्यंत, नदीवरच्या त्या ठेंगण्या पुलापर्यंत, यावं लागतं. रपट्याखाली मात्र पाणी वाहत होतं, घोट्याएवढं, स्वच्छ, मोठमोठ्या दगडांमधून. एक बाई गोधडी धूत होती. तिने मोगरी थांबवली आणि माझ्याकडे नाही, बादलीकडे बघितलं.

"हे बादली त मास्तरीणबाईची हाय. तुमी कोन?"

"मैत्रीण तिची. यवतमाळहून आले."

"यवतमाळच्या?" ती उभी राहिली. "मंग तुमीच त्या भांडनवाल्या." हसली, आणि लगेच पदर तोंडाला लावला, तू गेल्याचं आठवून.

मला काही कळेना. मी तिला विचारलं, तुम्हाला कसं माहीत.

"बाई येत होत्या ना इथं. पावसाया सरला तईपासून, दर बजारच्या दिवशी. हेच बादली भरून आनत, अन् दगडाखाली एकेक ठेवत बसत. मी म्हनलं, बाई, फेकून द्या ना एकदम, असं एकेक काऊन ठेवता? त म्हने, दार उघडून पाहू दे त्याईले. आवडलं त राह्यतीन." तिने हाताने रपट्याचे खांब दाखवले. "इथं मशीन येत नाही. रपटा पडन म्हनून कोनी खोदत नाही. बाईनं लय जागा पाह्यल्या, मंग हे पसंत केली."

मी साडी खोचून पाण्यात उतरले. वाकून एका दगडाखाली हात घातला. माझ्या बोटांना त्या लागल्या, एक, मग बाजूला आणखी, मग दगडाच्या पोटाला लागून सगळीकडे. मोठ्या, लहान, बारीक. मी हात तसाच ठेवून वाकलेली राहिले. अळवात नव्हत्या त्या इथे होत्या. कोंबड्यांनी खाल्ल्या नव्हत्या, वहिनीने काही धुऊन काढलं नव्हतं. वहिनीच्या दारावरून मी मान खाली घालून आले होते, आता परत जाताना तिच्या घरात शिरायचं होतं आणि तिच्या हातचं पाणी मागून प्यायचं होतं.

"पण मला तर ती कधीच बोलली नाही," मी म्हटलं. "शेवटपर्यंत नाहीच म्हणत होती. सोडत नाही म्हणे."

"हो ना. मलेबी सांगलं, गावात बोलू नोको." त्या बाईने गोधडी पिळता पिळता सांगितलं, जसं काही साधंच आहे. "म्हने, यवतमाळची माही मैत्रीण दर इतवारी भांडते, नदीत सोड म्हनून. तिले मालूम पडलं का सोडल्या, त भांडन मिटन. मंग ते कायले फोन करते?"

मी बादलीतल्या एकेक काढून दगडाखाली ठेवल्या, तू ठेवायचीस तशा. प्रत्येकीचं दार उघडेपर्यंत थांबले. पाणी फार गार होतं, पाय बधिर झाले, बाई गोधडी खांद्यावर टाकून केव्हाच निघून गेली.

अगं, भांडण मिटलं असतं तरी मी फोन केला असता, विशे.